क्वांटम भौतिकीतले बंडखोर डेव्हिड बोम आणि त्यांच्यावरचा माहितीपट: वारंवार विचारले जाणारे प्रश्न

'इन्फिनिट पोटेन्शियल' हा माहितीपट २०२० साली ऑनलाइन सगळ्यांसाठी खुला झाला. तो पाहणाऱ्यांमध्ये भौतिकशास्त्राचे विद्यार्थी असतात, तसेच तत्त्वचिंतक जे. कृष्णमूर्तींचे वाचकही. दोघांच्या शंका वेगळ्या असतात, म्हणून दोन्हीकडचे प्रश्न इथे एकत्र घेतले आहेत.

माहितीपट कोणाचा आहे आणि कोणाबद्दल?

दिग्दर्शक पॉल हॉवर्ड आयर्लंडचे. विषय आहे डेव्हिड बोम यांचं आयुष्य आणि विचार. बोम यांचा जन्म २० डिसेंबर १९१७ रोजी पेनसिल्व्हेनियातल्या विल्क्स-बॅरी या कोळसा खाणींच्या गावात झाला. वडिलांचं फर्निचरचं दुकान होतं. मुलगा बर्कलीला जाऊन रॉबर्ट ओपेनहायमर यांचा विद्यार्थी झाला, प्रिन्स्टनला शिकवू लागला, तिथून ब्राझील, इस्राएल असं करत इंग्लंडला पोचला. १९६१पासून निवृत्तीपर्यंत ते लंडनच्या बर्कबेक कॉलेजात प्राध्यापक होते. २७ ऑक्टोबर १९९२ रोजी लंडनमध्येच त्यांचं निधन झालं.

माहितीपटात त्यांचे दीर्घकाळचे सहकारी बेझिल हायली बोलतात, रॉजर पेनरोज बोलतात, शिल्पकार अँटनी गॉर्मली बोलतात आणि दलाई लामाही.

भौतिकशास्त्राचा गंध नसेल तर कळेल का?

कळेल. गणित जवळजवळ नाहीच. पण खालची १९५२च्या कामाबद्दलची दोन उत्तरं आधी वाचलीत तर बऱ्याच जागा उलगडतील.

बोम यांनी नेमकं केलं काय? सगळे नुसतं 'महान' म्हणतात.

हा प्रश्न रास्त आहे, कारण त्यांच्याबद्दलच्या गप्पांत कामाचा पत्ताच नसतो. ठळक कामं तीन.

पहिलं प्लाझ्मावरचं, म्हणजे सुटे इलेक्ट्रॉन आणि आयन असलेल्या तप्त वायूवरचं. युद्धकाळात बर्कलीत युरेनियमची समस्थानिकं वेगळी करणाऱ्या यंत्रांसाठी काम करताना त्यांच्या लक्षात आलं, की चुंबकीय क्षेत्रात कोंडलेला प्लाझ्मा अपेक्षेपेक्षा फार वेगाने बाहेर पाझरतो. या पाझरण्याला आजही 'बोम डिफ्यूजन' म्हणतात आणि फ्यूजनवर (अणुकेंद्रकं जोडून ऊर्जा मिळवण्यावर) काम करणाऱ्यांना ते नाव रोजचं आहे. पुढे प्रिन्स्टनला डेव्हिड पाइन्स या विद्यार्थ्याबरोबर त्यांनी धातूतल्या असंख्य इलेक्ट्रॉनांची सामूहिक हालचाल मांडली. सुटे सुटे इलेक्ट्रॉन एकमेकांशी ताळमेळ ठेवून एखाद्या सजीवासारखे वागतात, हे त्यांच्या मनावर कायमचं कोरलं गेलं. नंतरच्या 'अखंडते'च्या भाषेचं मूळ इथे आहे, ध्यानधारणेत नाही.

दुसरं १९५२चे दोन शोधनिबंध. तिसरं १९५९चा अहारोनोव्ह–बोम परिणाम.

१९५२च्या निबंधांत असं काय होतं?

त्या काळची प्रस्थापित समजूत, म्हणजे नील्स बोर आणि त्यांच्या मंडळींची, अशी होती: मोजण्याआधी इलेक्ट्रॉन 'कुठे आहे' हे विचारूच नका. गणित तुम्हाला शक्यता सांगेल. त्यापलीकडे काही वास्तव धरून चालणं व्यर्थ. बोम यांनी १९५१मध्ये याच समजुतीवर एक पाठ्यपुस्तक लिहिलं आणि ते उत्तम मानलं गेलं. पण पुस्तक हातावेगळं झाल्यावर त्यांचं स्वतःचं समाधान झालं नाही. प्रिन्स्टनमध्ये आइन्स्टाइनशी बोलणं झालं, त्यांनाही तीच टोचणी होती. ५ जुलै १९५१ रोजी 'फिजिकल रिव्ह्यू'कडे दोन निबंध पोचले आणि १५ जानेवारी १९५२च्या अंकात ते छापून आले.

त्यांचं म्हणणं असं: इलेक्ट्रॉन हा कण आहे आणि त्याला प्रत्येक क्षणी ठरावीक जागा आहे, आपण मोजत असू वा नसू. त्याच्यासोबत एक लाटही खरोखर असते आणि ती श्रोडिंगरच्या, म्हणजे क्वांटम सिद्धान्ताच्या नेहमीच्याच समीकरणाने चालते. ही लाट कणाला दिशा देते. नेहमीच्या बलांखेरीज लाटेकडून जे जादा येतं त्याला बोम यांनी 'क्वांटम पोटेन्शियल' म्हटलं. ते लाटेच्या उंचीवर अवलंबून नसतं, तिच्या आकारावर असतं. त्यामुळे लाट पसरून क्षीण झाली तरी तिचा प्रभाव ओसरेलच असं नाही. बोम स्वतः जहाजाचं उदाहरण देत: जहाज चालतं आपल्याच इंजिनावर, पण वळतं रडारच्या संदेशाप्रमाणे.

आता दोन फटींचा प्रसिद्ध प्रयोग घ्या. इलेक्ट्रॉन एकेक करून सोडले तरी पडद्यावर हळूहळू पट्टे उमटतात. नेहमीच्या पुस्तकात इथे सांगतात, की इलेक्ट्रॉन कुठल्या फटीतून गेला हा प्रश्नच चूक. बोम यांचं उत्तर सरळ आहे. कण एकाच फटीतून जातो, लाट दोन्हींतून. दोन्हीकडून आलेल्या लाटा एकमेकींत मिसळतात, त्यातून क्वांटम पोटेन्शियलमध्ये उंचवटे आणि घळी तयार होतात आणि कण ठरावीक पट्ट्यांकडे ढकलले जातात.

१९७९ साली फिलिपिडिस, ड्यूडनी आणि हायली यांनी संगणकावर हे मार्ग काढले. ते चित्र जरूर शोधून नीट बघा. फटींतून निघालेल्या रेषा पंख्यासारख्या पसरतात, मध्येच एकदम झटका खाऊन बाजूला सरकतात आणि पुन्हा झुबक्याझुबक्यांनी पडद्यावर पोचतात. आणखी एक गोष्ट पाहा: वरच्या फटीतून निघालेली एकही रेषा मधली सीमा ओलांडून खाली येत नाही. म्हणजे ठिपका पडद्याच्या वरच्या अर्ध्यात पडला असेल तर कण वरच्याच फटीतून आला होता, हे मागाहून सांगता येतं! 'असं चित्र काढणं तत्त्वतः अशक्य आहे' असं जिथे पिढ्यान्‌पिढ्या शिकवलं गेलं, तिथे हे चित्र आहे.

म्हणजे त्यांनी क्वांटम सिद्धान्त खोटा पाडला?

नाही, आणि हा गैरसमज फार पसरलेला आहे. प्रयोगांची उत्तरं अगदी तीच येतात. फरक आहे तो अर्थ लावण्यात. नेहमीच्या मांडणीत यदृच्छा मुळातच आहे; बोम यांच्या मांडणीत ती येते, कारण कण सुरुवातीला नेमका कुठे होता हे आपल्याला कळू शकत नाही. अनिश्चितता आपल्या माहितीत आहे, जगात नाही. एकाच गणिताला दोन अर्थ लागू शकतात आणि दोन्ही पुराव्याला उतरतात, हे त्यांनी करून दाखवलं. माझ्या मते विसाव्या शतकातल्या विज्ञानातल्या मोठ्या धाडसांपैकी हे एक आहे. हे ज्याला कळलं त्याला बोम कळले; पुढचं तत्त्वज्ञान नंतर वाचलं तरी चालेल.

मग बाकीच्या शास्त्रज्ञांनी ते मानलं का नाही?

कारणं बरीच आहेत, आणि सगळी सारख्या वजनाची नाहीत.

एक तर कल्पनेचं बीज जुनं होतं. लुई द ब्रॉय यांनी १९२७च्या सॉल्व्हे या भौतिकशास्त्रज्ञांच्या परिषदेत अशीच वाट दाखवणाऱ्या लाटेची कल्पना मांडली होती. वोल्फगांग पाउली यांनी आक्षेप घेतले, पाठिंबा मिळाला नाही आणि द ब्रॉय यांनी ती सोडून दिली. त्या आक्षेपांना पुरं पडेल असं उत्तर बोम यांनी दिलं: मोजणाऱ्या उपकरणालाही हिशेबात घ्या, सगळं जुळतं. दुसरं म्हणजे १९३२ साली गणितज्ञ जॉन फॉन नॉयमन यांनी अशा 'छुप्या घटकां'चा (कणाची नेमकी जागा यांसारख्या, नेहमीच्या मांडणीत नसलेल्या राशींचा) सिद्धान्त असूच शकत नाही, हे गणिताने सिद्ध केल्याचं सगळे धरून चालले होते. बोम यांचा सिद्धान्त समोर उभा असतानाही लोक त्या सिद्धतेचा हवाला देत राहिले. सिद्धतेतलं एक गृहीतक अवास्तव होतं, हे भौतिकशास्त्रज्ञ जॉन बेल यांनी पुढे उघड केलं.

पाउली यांनी पत्रात या मांडणीला वटवता न येणारा चेक म्हटलं. नवं भाकीत नाही तर उपयोग काय, असा त्याचा रोख. ओपेनहायमर यांच्या नावावर 'बोमला खोडता येत नसेल तर त्याच्याकडे दुर्लक्ष करायचं ठरवू' असं एक वाक्य सांगितलं जातं. ते दुसऱ्याच्या आठवणीतून आलेलं, ऐकीव आहे. मी तरी त्यावर काही उभं करणार नाही. घडलं मात्र तसंच: खंडन थोडं, मौन जास्त.

प्रामाणिक आक्षेपही आहेत, ते लपवायचं कारण नाही. बोम यांच्या सिद्धान्तात दूरच्या दोन कणांचा एकमेकांवर तत्क्षणी परिणाम होतो. त्यातून संदेश पाठवता येत नाही हे खरं, पण आइन्स्टाइनच्या सापेक्षतेशी त्याचा मेळ घालणं अवघड आहे आणि ते काम आजही अर्धवटच आहे. शिवाय सगळ्या राशींमध्ये 'जागे'लाच विशेष मान का, असंही विचारतात.

आइन्स्टाइन तर त्यांच्या बाजूने होते ना?

माणूस म्हणून, पूर्णपणे. नोकरी गेली तेव्हा त्यांनी बोम यांच्यासाठी शिफारसपत्रं लिहिली. सिद्धान्ताबद्दल नाही. मे १९५२मध्ये माक्स बोर्न यांना लिहिलेल्या पत्रात त्यांनी हा मार्ग फार स्वस्तातला वाटतो असं म्हटलं. त्यांना हवा होता मुळापासून नवा सिद्धान्त. दूरवरचा तत्क्षणी परिणाम तर त्यांना नकोच होता.

बोम कम्युनिस्ट होते का? त्यांना अमेरिका का सोडावी लागली?

१९४२च्या सुमाराला बर्कलीत ते काही महिने कम्युनिस्ट पक्षात होते. बैठका कंटाळवाण्या वाटल्या म्हणून बाहेर पडले. पण ते काही महिने त्यांना आयुष्यभर पुरले.

आधी युद्धातली गोष्ट. ओपेनहायमर यांना ते अणुबॉम्ब जिथे बनत होता त्या लॉस अलामॉसला हवे होते, लष्कराने परवानगी दिली नाही. बोम यांचा पीएच.डी.चा विषय अणुकेंद्रकांच्या टकरींचा होता आणि ते हिशोब अणुबॉम्ब प्रकल्पाच्या कामाचे निघाले. लगेच त्यांच्यावर गुप्ततेचा शिक्का बसला. बोम यांच्याकडे गुप्त कागद पाहण्याची मुभा नव्हती. म्हणजे स्वतःच्याच प्रबंधाला हात लावायची त्यांना बंदी! मग तो मांडणार कसा? शेवटी काम पदवीच्या तोडीचं आहे अशी ग्वाही ओपेनहायमर यांनी विद्यापीठाला दिली आणि १९४३मध्ये पदवी मिळाली.

१९४९ साली अमेरिकी काँग्रेसच्या अन-अमेरिकन ॲक्टिव्हिटीज समितीने त्यांना बोलावलं. जुन्या सहकाऱ्यांची नावं सांगा, असा आग्रह होता. बोम यांनी पाचव्या घटनादुरुस्तीचा आधार घेऊन उत्तर द्यायला नकार दिला. डिसेंबर १९५०मध्ये काँग्रेसच्या अवमानाखाली त्यांना अटक झाली. प्रिन्स्टनने निलंबित केलं आणि आवारात पाऊल ठेवायलाही मनाई केली. मे १९५१मध्ये न्यायालयाने निर्दोष सोडलं, तरी विद्यापीठाने कराराचं नूतनीकरण केलं नाही. १९५२चे ते निबंध या सगळ्या धुमश्चक्रीत लिहिले गेले, हे तारखा ताडून पाहिल्या की कळतं.

ऑक्टोबर १९५१मध्ये ते साओ पाउलोला गेले. तिथे थोड्याच दिवसांत अमेरिकी वकिलातीने पासपोर्ट काढून घेतला. परत मिळेल, पण फक्त अमेरिकेला जाण्यापुरता. निबंध छापून आले तेव्हा लेखक ब्राझीलमध्ये अडकून पडला होता. प्रिन्स्टनमध्ये, कोपनहेगनमध्ये त्यावर चर्चा झाल्या तर त्यांत उभं राहून उत्तर द्यायला तो हजर नव्हता. सिद्धान्त दुर्लक्षित राहण्याचं हेही एक कारण आहे आणि माहितीपटाने ते ठसठशीतपणे मांडलं हे बरं झालं. १९५४मध्ये त्यांनी ब्राझीलचं नागरिकत्व घेतलं, १९५५मध्ये हैफाच्या टेक्निऑनला गेले, १९५७मध्ये ब्रिस्टलला. अमेरिकी नागरिकत्व परत मिळालं १९८६ साली, वयाच्या अडुसष्टाव्या वर्षी.

जॉन बेल यांचा यात काय संबंध?

मोठा. १९५२चे निबंध वाचून बेल यांना वाटलं, की जे अशक्य म्हणून सांगितलं होतं ते इथे झालेलं आहे. मग त्यांनी विचारलं: यातला दूरचा तत्क्षणी परिणाम टाळता येईल का? १९६४च्या त्यांच्या प्रमेयाचं उत्तर आलं, नाही. क्वांटमची भाकितं खरी असतील तर स्थानिक, म्हणजे असा दूरचा परिणाम नसलेल्या, छुप्या घटकांचा कुठलाच सिद्धान्त चालणार नाही. प्रयोगांसाठी जी मांडणी वापरली जाते, दोन कणांच्या स्पिनची (फिरकीसारख्या अंगभूत गुणधर्माची), तीही बोम यांच्या १९५१च्या पुस्तकातली. आस्पे, क्लाउझर आणि त्साइलिंगर यांना २०२२चं नोबेल मिळालं ते याच वाटेवरच्या प्रयोगांसाठी. बेल यांनी बोम खोटे ठरवले, असं पुष्कळदा छापून येतं. ते साफ उलटं आहे.

अहारोनोव्ह–बोम परिणाम सोप्या भाषेत सांगाल?

एक लांब, बारीक कॉइल घ्या. तिच्यातून वीज गेली की चुंबकीय क्षेत्र आतल्या आत राहतं, बाहेर जवळपास शून्य. आता इलेक्ट्रॉनांची शलाका दुभंगून कॉइलच्या दोन्ही बाजूंनी न्या आणि पलीकडे एकत्र करा. इलेक्ट्रॉनांना क्षेत्राचा स्पर्शही झालेला नाही. तरी वीज सुरू केली की पट्टे सरकतात. बोम आणि त्यांचे विद्यार्थी याकिर अहारोनोव्ह यांनी हे ब्रिस्टलहून १९५९मध्ये मांडलं (एरेनबर्ग आणि सायडे यांनी १९४९मध्ये तसं सुचवलं होतं, पण कुणी फारसं पाहिलं नाही). शंकेखोर म्हणत राहिले, की क्षेत्र थोडं गळत असणार. १९८६मध्ये जपानच्या हिताची कंपनीत अकिरा तोनोमुरा यांनी सूक्ष्म चुंबकीय कडं केलं, त्यावर चुंबकीय क्षेत्र आरपार जाऊ न देणारं अतिसंवाहक नायोबियमचं वेष्टन चढवलं, म्हणजे गळतीचा प्रश्नच संपला. पट्टे तरीही सरकले.

यासाठी नोबेल मिळायला हवं होतं, नाही का?

हो, माझ्या मते हवं होतं. अहारोनोव्ह यांना १९९८चं वोल्फ पारितोषिक मायकेल बेरी यांच्याबरोबर मिळालं. तोवर बोम नव्हते. रॉयल सोसायटीने त्यांना फेलो केलं तेही १९९० साली.

कृष्णमूर्तींशी त्यांची गाठ कशी पडली?

ब्रिस्टलच्या ग्रंथालयात पत्नी सारल यांच्या हाती कृष्णमूर्तींचं पुस्तक लागलं. त्यात पाहणारा आणि पाहिलं जाणारं यांच्या अभेदाबद्दलचा मजकूर होता. क्वांटममध्ये मोजणारा आणि मोजलं जाणारं यांची ताटातूट करता येत नाही, हे बोम यांच्या डोक्यात घोळतच होतं. १९६१मध्ये लंडनला भेट झाली आणि पुढे वीसेक वर्षं संवाद चालले. १९८०चे संवाद 'द एंडिंग ऑफ टाइम' या पुस्तकात आहेत. कृष्णमूर्तींच्या इंग्लंडमधल्या ब्रॉकवुड पार्क शाळेचे ते विश्वस्तही होते. आपल्याकडे कृष्णमूर्तींची मुंबईतली व्याख्यानं ऐकलेल्या पिढीतल्या अनेकांना आणि राजगुरुनगरजवळच्या सह्याद्री स्कूलशी जोडलेल्या मंडळींना बोम यांचं नाव याच वाटेने माहीत झालं.

उत्तरकाळात दोघांमध्ये दुरावा आला आणि त्याचा बोम यांना त्रास झाला. नैराश्याशी त्यांची झुंज दीर्घ होती, १९९१मध्ये त्यांना रुग्णालयातही राहावं लागलं. त्यांना शांतचित्त ऋषी म्हणून रंगवणाऱ्यांनी हे वगळू नये.

'इम्प्लिकेट ऑर्डर' म्हणजे अद्वैतच नाही का? मग वेदान्त विज्ञानाने सिद्ध झाला का?

नाही.

पण ओढ समजू शकते, म्हणून थोडं सविस्तर. बोम यांनी टीव्हीवर एक उपकरण पाहिलं: एकात एक बसवलेली दोन काचेची नळकांडी, मध्ये घट्ट ग्लिसरीन, त्यात शाईचा थेंब. नळकांडं सावकाश फिरवलं की थेंब ताणला जाऊन दोऱ्यासारखा होतो आणि शेवटी दिसेनासा होतो. उलटं फिरवलं, की थेंब होता तसा परत गोळा होतो. दिसत नव्हता तेव्हाही त्याची व्यवस्था मोडली नव्हती, फक्त गुंडाळली गेली होती. दिसणारं जग असंच एका गुंडाळलेल्या व्यवस्थेतून, म्हणजे 'इम्प्लिकेट ऑर्डर'मधून, उलगडत आणि पुन्हा मिटत असतं, असा विचार त्यांनी १९८०च्या 'होलनेस अँड द इम्प्लिकेट ऑर्डर' या पुस्तकात मांडला. हायली यांच्याबरोबर ते त्यासाठी योग्य बीजगणित शोधत होते. म्हणजे हा चालू असलेला शोध होता, सिद्ध झालेला निष्कर्ष नव्हे.

अद्वैत स्वतःच्या पायांवर उभं आहे, त्याला लंडनच्या प्रमाणपत्राची गरज नाही. आणि बोम यांचं भौतिकशास्त्रही भौतिकशास्त्राच्याच कसोटीवर पारखलं पाहिजे. दोन्हींची सरमिसळ करून फॉरवर्ड फिरवले जातात तेव्हा दोन्हींचं नुकसान होतं.

आपल्याकडे कुणी यावर काम केलंय का?

हो. मुंबईत कुलाब्याच्या टाटा मूलभूत संशोधन संस्थेत एस. एम. रॉय आणि वीरेंद्र सिंग यांनी १९९०च्या दशकात बोम यांच्या मांडणीचं वेगळं रूप दिलं. 'जागे'लाच मान का, या आक्षेपाला ते थेट भिडतं: त्यात जागा आणि संवेग (वस्तुमान गुणिले वेग) दोन्हींना सारखं स्थान आहे. मराठी विज्ञानलेखनात याची दखल घेतली जावी असं मनापासून वाटतं. वीरेंद्र सिंग आघाडीचे सैद्धान्तिक शास्त्रज्ञ आणि त्या काळात संस्थेचे संचालकही होते. विषय परिघावरचा म्हणून त्यांनी तो टाळला नाही.

कणांचे मार्ग प्रयोगात दिसले, असं वाचलं. खरं आहे?

अर्धं. २०११ साली टोरंटोत एफ्राइम स्टाइनबर्ग यांच्या गटाने हळुवार (कणाला जेमतेम धक्का लावणाऱ्या) मोजमापांची सरासरी काढून फोटॉनांचे मार्ग काढले. ते बोम यांच्या रेषांसारखेच दिसतात. पण ते सरासरी मार्ग आहेत आणि नेहमीचा क्वांटम सिद्धान्तही तेच भाकीत करतो.

माहितीपटात काय राहून गेलं?

गणित नको हे मान्य, पण दोन फटींच्या त्या रेषांवर आणखी रेंगाळायला हवं होतं. चेतना, अखंडता, संवाद यांना भरपूर जागा मिळाली आहे. बोम यांचा जन्मभराचा हट्ट साधा होता, की निसर्गात खरोखर काय चाललं आहे हे विचारायची मुभा असली पाहिजे. तो हट्ट प्रेक्षकाच्या हाती लागण्याआधीच चित्रपट उंच हवेत जातो. आणि एक राहिलेली गोष्ट अशी: १९५०च्या दशकाच्या अखेरीस बोम यांनी स्वतःच हा सिद्धान्त बाजूला ठेवला होता. बर्कबेकमध्ये ड्यूडनी आणि फिलिपिडिस हे दोन विद्यार्थी १९५२चे निबंध घेऊन हायलींकडे आले, आपण यावर बोलत का नाही असं विचारलं, आणि काम पुन्हा सुरू झालं.

यानंतर काय वाचू?

बी.एस्सी.च्या पातळीचं भौतिकशास्त्र येत असेल तर थेट १९५२चा पहिला निबंध उघडा. वेव्ह फंक्शनचे मोठेपणा (ॲम्प्लिट्यूड) आणि कला (फेज) असे दोन भाग करून श्रोडिंगरचं समीकरण त्यात घाला. वास्तव आणि काल्पनिक भाग वेगळे केले की क्वांटम पोटेन्शियल आपोआप समोर येतं. दोनच पानांचं काम आहे, वहीत करून पाहा. गणिताची सवय नसेल तर 'होलनेस अँड द इम्प्लिकेट ऑर्डर'मधलं भाषेवरचं प्रकरण पहिल्या वाचनात सोडून द्या. हायली यांच्याबरोबरचं 'द अनडिव्हायडेड युनिव्हर्स' बोम गेल्यानंतर १९९३मध्ये आलं. ते या दोन्हींनंतर.